शाहिराचा डफ आणि रॅपरचा ठेका

नव्या पिढीचे गाणे जुन्या पिढीच्या कानांना गोंगाट वाटावे, ही तक्रार फार पुरातन आहे. ढोलकीच्या लावणीला पांढरपेशा समाजाने एके काळी नाक मुरडले. पुढे त्याच लावणीच्या बाडांवर प्रबंध लिहून विद्वानांनी पदव्या मिळविल्या. आज ती पाळी रॅपवर आली आहे. रांजणगावच्या औद्योगिक वसाहतीत रात्रपाळी करून परतणारा शिरूर तालुक्यातील कामगार आणि सकाळची गाडी धरून शिक्षणासाठी पुण्यास जाणारा दौंडचा विद्यार्थी हे दोघेही कानाला यंत्र लावून जे ऐकतात ते पुष्कळदा रॅपच असते. घरातील वडीलधाऱ्यांना त्यात सूर सापडत नाही, अर्थ उमगत नाही. उमगतो तेवढा अर्थ शिवराळ वाटतो. मग ‘हे परदेशी खूळ आहे, चार दिवसांत उतरेल’ असा निर्णय देऊन विषय मिटविला जातो.

हा निर्णय अर्धवट माहितीवर आधारलेला आहे. एक तर हे खूळ चार दिवसांचे ठरलेले नाही. न्यूयॉर्कच्या ब्राँक्स भागातील एका इमारतीत ११ ऑगस्ट १९७३ रोजी कूल हर्क या तरुणाने बहिणीसाठी केलेल्या मेळाव्यात तबकड्या फिरविल्या. तो हिपहॉपचा जन्मदिवस मानतात. त्याला आता अर्धशतक उलटून गेले आहे. दुसरे असे की, ठेक्यावर शब्द फेकून समोरच्या समाजाला त्याचे खरे रूप दाखविण्याची कला महाराष्ट्राला परकी नाही. पूर्व पुण्याच्या या दोन तालुक्यांना तर ती मुळीच परकी नाही. तेव्हा रॅप असावा की नसावा हा प्रश्न आता उरलेला नाही. येथील तरुण जेव्हा आपला पहिला गीतसंच काढील, तेव्हा त्यात तो काय सांगेल आणि कोणत्या भाषेत सांगेल, हा खरा प्रश्न आहे. त्याचे उत्तर शोधताना शिरूर-दौंडपासून फार दूरच्या एका देशाचा दाखला उपयोगी पडतो.

‘आईचे ऐक’

बोस्निया हा बाल्कन प्रदेशातील छोटा देश. १९९२ ते १९९५ या काळात तेथे जे युद्ध झाले त्याने एकाच गल्लीत राहणाऱ्या माणसांना बोस्नियाक, सर्ब आणि क्रोएट अशा तीन छावण्यांत वाटून टाकले. राजधानी सारायेव्हो जवळजवळ चार वर्षे वेढ्यात होती. १९९५ अखेरीस डेटनचा करार होऊन बंदुका थांबल्या. पण सावा नदीकाठचे ब्रचको हे गाव कोणाचे, याचा निकाल त्या करारालाही लावता आला नाही. तो लवादाकडे गेला आणि १९९९ मध्ये त्या गावाला स्वतंत्र जिल्ह्याचा दर्जा देऊन प्रश्न सोडविण्यात आला.

याच ब्रचकोमध्ये १९७८ साली एदिन ओस्मिच हा मुलगा जन्मला. युद्धाने त्याला निर्वासित म्हणून शेजारच्या क्रोएशियात नेले. पुढे त्याने ‘एदो माय्का’ हे नाव घेतले. ‘माय्का’ म्हणजे आई. मराठी वाचकाला ‘माय’ची आठवण व्हावी असाच तो शब्द. २००२ मध्ये त्याचा पहिला गीतसंच निघाला. त्याचे नाव ‘स्लुशाय मातेर’, म्हणजे ‘आईचे ऐक’. रॅप म्हणजे छाती पुढे काढून केलेली मर्दुमकीची जाहिरात, अशी ज्यांची समजूत असेल त्यांनी या नावाकडेच आधी पाहावे.

या गीतसंचाचे जाणकारांनी आणि श्रोत्यांनी जे स्वागत केले त्याची कारणे समजून घेण्यासारखी आहेत. पहिले कारण भाषेचे. एदोने पुस्तकी भाषा टाळली. बोस्नियाच्या गावात मुले जशी बोलतात तशाच हेलात आणि तशाच शब्दांत तो बोलला. युद्धापूर्वी जिला सर्बो-क्रोएशियन म्हणत, त्या एका भाषेच्या युद्धानंतर तीन राजभाषा झाल्या होत्या आणि प्रत्येकीचा कैवारी आपली भाषा निराळी असल्याचे शपथेवर सांगत होता. त्या वातावरणात एका बोस्नियन मुलाची गावंढळ बोली सीमेपलीकडे क्रोएशियात आणि सर्बियातही आवडीने ऐकली गेली. कोणालाही दुभाष्या लागला नाही. एरवी परिषदांतूनही सहजासहजी साधत नाही ते एका ध्वनिमुद्रणाने थोडेफार साधले.

दुसरे कारण अधिक महत्त्वाचे आहे. युद्धात होरपळलेल्या माणसाला शत्रूला शिव्या घालून टाळ्या मिळविणे फार सोपे असते. एदोने चाबूक उगारला तो मुख्यतः आपल्याच घरावर: लाच खाणाऱ्या पुढाऱ्यांवर, देशभक्तीच्या नावाखाली खिसे भरणाऱ्यांवर, काम नसल्याने नाक्यावर बसून कुजणाऱ्या आपल्याच मित्रांवर. आणि हे सर्व त्याने हसत हसत सांगितले. दुःख सांगताना विनोद सोडायचा नाही, ही ग्रामीण माणसाची रीत त्याने सोडली नाही. ज्याला आपल्या माणसांवर हसता येते त्याचे रडणेही लोक खरे मानतात.

तिसरे कारण परंपरेचे. बाल्कन प्रदेशात गुस्ले हे एकतारी वाद्य छेडीत वीरगाथा गाणाऱ्या लोकगायकांची जुनी परंपरा आहे. अमेरिकन पंडित मिलमन पॅरी याने १९३३ ते १९३५ या काळात त्या भागात हिंडून ही गाणी मुद्रित केली. त्यांतील अवदो मेजेदोविच हा निरक्षर खाटीक बारा हजारांहून अधिक ओळींची एक गाथा गाऊ शकत असे. होमरची महाकाव्ये मुळात कशी रचली गेली असतील, याचा उलगडा पॅरीला या गायकांमुळे झाला. ठरावीक मात्रांच्या ओळीत शब्द बसवीत, प्रसंग पाहून ओळ लांबवीत-आखडीत, श्रोत्यांच्या डोळ्यांकडे बघत गाणारा तो गायक आणि आजचा रॅपर यांच्या कारागिरीत पुष्कळ साम्य आहे. मात्र याच परंपरेची दुसरी बाजूही विसरता येत नाही. १९९०च्या दशकातील युद्धात हेच गुस्ले द्वेषाच्या प्रचारासाठीही वाजविले गेले. वाद्याला स्वतःचे मत नसते. ते हाती धरणाऱ्याचे असते.

डफाचे भाऊबंद

बोस्नियात गुस्ले, तसा महाराष्ट्रात डफ. अज्ञानदासाने अफझलखान वधाचा पोवाडा रचला तेव्हापासून ही परंपरा अखंड चालत आली आहे. शाहीर उभा राहून पल्लेदार गद्य-पद्य फेकतो, मागचा झीलकरी ‘जी जी’ची साथ देतो, तुणतुणे सूर धरून ठेवते आणि डफ ठेका देतो. रॅपरही उभाच राहून फेक करतो. त्याच्या मागे तबकडीवाला ठेका धरतो आणि साथीदार ओळीचा शेवटचा शब्द उचलून त्याला जोर देतो. यमक, अनुप्रास, श्लेष आणि श्वासावरचा ताबा ही दोघांचीही शस्त्रे. शाहिराचा दम आणि रॅपरचा दम एकाच कसोटीवर तपासला जातो.

साम्य येथेच थांबत नाही. कलगीवाले आणि तुरेवाले यांच्या सवाल-जवाबात एका फडाने कूट घालावे, दुसऱ्याने ते तेथल्या तेथे कवनात सोडवावे आणि उलट सवाल टाकावा, अशी रात्र रात्र झुंज चाले. भेदिक शाहिरीची ही झुंज आणि रॅपरांचा समोरासमोरचा शब्दसंग्राम यांत तत्त्वतः काही फरक नाही. फरक झाला असेल तर इतकाच की, भेदिक शाहिराला पुराण, वेदान्त आणि लोकव्यवहार यांचा अभ्यास करून आखाड्यात उतरावे लागे. नवा रॅपर पुष्कळदा अभ्यासाविना उतरतो आणि मग प्रतिस्पर्ध्याच्या आईबहिणीचा उद्धार करण्याखेरीज त्याच्याजवळ दारूगोळा उरत नाही.

आणखी एक खूण लक्षात घेण्यासारखी आहे. शाहीर कवनाच्या शेवटी आपले नाव गुंफीत असे; त्याला छाप म्हणतात. होनाजी, सगनभाऊ, पठ्ठे बापूराव यांची कवने ओळखू येतात ती या छापेमुळे. रॅपरही गाण्यात आपले नाव, आपली वस्ती, आपला भाग यांचा वारंवार पुकारा करतो. याला निव्वळ अहंकार म्हणून हिणविणे अन्यायाचे होईल. ज्याचे नाव सातबाऱ्यावर नाही, कचेरीच्या पाटीवर नाही, छापील पुस्तकाच्या मुखपृष्ठावर नाही, त्याने ते आपल्या शब्दांत कोरून ठेवायचे, एवढाच मार्ग त्याला मोकळा असतो.

तडीपार

पुणे जिल्ह्यातच याचे अलीकडचे उदाहरण घडले. दौंडकडून येणारी गाडी जेथे थांबते त्या पुणे स्थानकाला लागूनच ताडीवाला रस्त्याची दाट वस्ती आहे. तेथील अल्ताफ शेख या तरुणाने ‘एम. सी. स्टॅन’ या नावाने २०२० मध्ये ‘तडीपार’ हा आपला पहिला गीतसंच काढला. तेव्हा त्याने वयाची पुरती २१ वर्षेही ओलांडली नव्हती. पुढे फेब्रुवारी २०२३ मध्ये दूरचित्रवाणीवरील ‘बिग बॉस’ची स्पर्धा जिंकून तो घरोघरी ठाऊक झाला, पण त्याचे खरे नाव झाले होते ते आधीच, वस्त्यांतील मुलांच्या तोंडी.

‘तडीपार’ हा शब्द कोणत्याही कोशापेक्षा पोलीस ठाण्यात अधिक जिवंत आहे. महाराष्ट्र पोलीस अधिनियम, १९५१ अन्वये एखाद्याला दोन वर्षांपर्यंत जिल्ह्याबाहेर घालविता येते. वस्तीत वाढणाऱ्या मुलाला या शब्दाचा धाक शाळेतील मास्तरांच्या छडीआधी कळतो. तो शब्द उचलून आपल्या पहिल्या कृतीच्या माथ्यावर बिरुदासारखा लावणे, ही खास शाहिरी युक्ती आहे. या मुलाची भाषाही पुण्याच्या गल्लीतील हिंदी आहे. तिच्यात दखनीचा हेल आहे आणि मराठी शब्द ठायी ठायी आहेत. सदाशिव पेठेने पुण्याची म्हणून जी भाषा जगाला सांगितली तिच्याहून ही निराळी, पण पुण्याचीच.

या गीतांत शिव्या आहेत, फुशारकी आहे, पैशाचे आणि दागिन्यांचे वेडही आहे. त्याचे समर्थन करण्याचे कारण नाही. परंतु ज्या मुलाकडे समाज कधी बघत नाही तो ‘मीही येथे आहे’ असे मोठ्याने सांगतो, तेव्हा त्याच्या आवाजाची पट्टी बैठकीच्या खोलीतली असणार नाही, हेही समजून घेतले पाहिजे. एदो माय्का आणि हा पुण्याचा मुलगा यांच्यात फरक आहे तो दृष्टीच्या पल्ल्याचा. एदोने वस्तीतून समाजाकडे पाहिले. ‘तडीपार’ची नजर पुष्कळ वेळा स्वतःच्या उत्कर्षाशी येऊन थांबते. ती पुढे जाऊ शकते, हे मुंबईच्या ‘स्वदेशी’ या तरुण मंडळीने दाखविले आहे. आरेच्या जंगलातील वारली आदिवासींचा लढा तिने रॅपमध्ये आणला आणि तिच्यातील एक गडी मराठीतच रॅप करतो. तामिळनाडूत अरिवू या कवीने २०१९ मध्ये ‘तेरुक्कुरल’ हा आपला पहिला गीतसंच काढताना तिरुक्कुरल या प्राचीन ग्रंथाच्या नावावरच श्लेष साधला. आपल्या परंपरेला आव्हानही द्यावे आणि तिचा वारसाही सांगावा, हे दोन्ही एकाच शब्दात त्याला साधले.

दोन तालुक्यांची शिदोरी

आता शिरूर आणि दौंडकडे वळावे. भीमा आणि घोड या नद्यांच्या काठचे हे तालुके गीतविषयांच्या बाबतीत दरिद्री नाहीत. एका बाजूला ऊस आणि गुऱ्हाळे, दुसऱ्या बाजूला पाण्याच्या आवर्तनाकडे डोळे लावून बसलेला कोरडा पट्टा. सणसवाडी, शिक्रापूर, रांजणगाव येथे जगभराच्या कंपन्यांचे कारखाने आणि त्यांच्या दारात ठेकेदाराच्या हजेरीपटावर दिवस मोजणारे तरुण. उसाच्या फडात बिबट्या आणि बांधावर लेकरू घेऊन कामाला आलेली मजूर बाई. दौंडचे रेल्वे जंक्शन, जेथे सोलापूरकडचा, मनमाडकडचा आणि पुण्याकडचा माणूस एकमेकांना भेटतो आणि जेथील बाजारात चार-सहा भाषा सहज कानी पडतात. शिरूर तालुक्यातच कोरेगाव भीमा आहे. त्या गावाजवळच्या जयस्तंभापाशी दर वर्षी १ जानेवारीला लाखो लोक येतात आणि भीमगीतांचा गजर होतो. तेथेच २०१८ च्या १ जानेवारीला दंगलीचा वणवा पेटला. कुरकुंभच्या औद्योगिक वसाहतीतील एका कारखान्यातून पुणे पोलिसांनी फेब्रुवारी २०२४ मध्ये मेफेड्रोन या अमली पदार्थाचा प्रचंड साठा पकडला. ज्या मातीत जुन्या काळी पोवाडे उगवले असते, तीच ही माती आहे.

आणि येथे शब्दकाराची उणीवही कधी नव्हती. शिरूर तालुक्यातील कवठे येमाई या गावाने तमाशाला अनेक कलावंत दिले. त्याच गावचे बशीर कमरुद्दीन मोमीन, म्हणजे लोकशाहीर बी. के. मोमीन कवठेकर. १ मार्च १९४७ रोजी जन्मलेल्या या माणसाने आयुष्यभर तमाशाच्या फडांसाठी गण, गौळणी, लावण्या आणि वग लिहिले. नामांकित फडमालकांनी त्यांची गीते रंगमंचावर आणली. संकरित बियाण्यांचा काळ आला आणि ‘हायब्रीड’ हा शब्द खेड्याखेड्यांत पोहोचला, तेव्हा त्या एका शब्दावर त्यांनी बदलत्या जगाच्या बेगडीपणाची टिंगल करणारे गीत बेतले आणि ते लोकांच्या तोंडी झाले. हुंडा, व्यसन, निरक्षरता यांवरही ते लिहीत राहिले. राज्य शासनाचा विठाबाई नारायणगावकर यांच्या नावाचा २०१८ सालचा जीवनगौरव पुरस्कार त्यांना मिळाला. १२ नोव्हेंबर २०२१ रोजी ते निवर्तले.

नव्या परदेशी शब्दाला गावच्या मातीत लोळवून त्यातून उपहास काढणे, हेच तर रॅपरचे काम. मोमीन कवठेकरांनी ते रॅपचे नावही शिरूरच्या बाजारात पोहोचले नव्हते तेव्हा केले. पेशव्यांच्या काळातील सगनभाऊ, मुंबईच्या कामगार मैदानावरील अमर शेख, कवठे येमाईचे मोमीन आणि ताडीवाला रस्त्याचा अल्ताफ शेख अशी ही माळ ओवून पाहिली, म्हणजे मराठी मुलखातील शब्दकलेने आपल्या अंगणात येणाऱ्याचा धर्म कधी विचारला नाही, हेही ध्यानात येते. बोस्नियाची कहाणी वाचताना या गोष्टीचे मोल विशेष जाणवते.

शोकाची गोष्ट ही की, या माळेतील दोन मणी एकमेकांना ओळखत नाहीत. रांजणगावचा विशीतला तरुण न्यूयॉर्कच्या रॅपरांची वंशावळ तोंडपाठ म्हणून दाखवील. परंतु शेजारच्या गावी असा एक शाहीर होऊन गेला हे त्याला कोणी सांगितलेले नसते. दुसऱ्या बाजूला तमाशाचा जुना वगलेखक या मुलाकडे संस्कृती बुडविणारा म्हणून पाहतो. दोघांमध्ये पन्नास वर्षांचे अंतर असेल. पण एका गावातून दुसऱ्या गावात जाण्यासही तेवढा वेळ लागू नये.

तीन धोके

या नव्या कलेपुढे काही धोकेही आहेत. त्यांतील पहिला स्त्रीविषयक भाषेचा. दौंड तालुक्यात पुणे-सोलापूर रस्त्यावर चौफुला आहे. तेथील कला केंद्रांत आजही संगीतबारीच्या कलावंतिणी पायांत घुंगरू बांधून उभ्या राहतात. त्यांच्यातील अनेकींच्या कष्टावर अख्खी घरे चालतात आणि त्यांच्याविषयी वर्तमानपत्रांत बातमी येते ती पुष्कळदा भांडणतंट्याची. चौफुल्यापासून जवळच केडगाव आहे, जेथे पंडिता रमाबाईंनी दुष्काळातून वाचविलेल्या मुलींसाठी मुक्तिसदन उभारले आणि त्यांना अक्षर व उद्योग दिला. चौफुला आणि केडगाव यांच्यामधल्या थोडक्या अंतरात महाराष्ट्रातील स्त्रीजीवनाचा केवढा तरी इतिहास सामावला आहे. या तालुक्यातून निघणारा रॅप स्त्रीला केवळ भोगवस्तू म्हणून पुकारू लागला, तर तो या इतिहासाला बेइमान ठरेल. चौफुल्याच्या एखाद्या कलावंतिणीची मुलगी स्वतःच्या शब्दांत बोलू लागली तर काय होईल, याची कल्पना करून पाहावी. ज्या दिवशी तसे घडेल त्या दिवशी मराठी रॅपला खरा कंठ फुटला असे म्हणता येईल.

दुसरा धोका सत्तेचा. शब्द टोचला की दरबार रागावतो, ही रीत जुनी आहे. एप्रिल २०२३ मध्ये राज मुंगासे या मराठी रॅपरवर राजकीय उपहासाच्या गीताबद्दल गुन्हा नोंदविला गेला. गीतात ना कोण्या पक्षाचे नाव होते, ना पुढाऱ्याचे. पण ज्याला टोपी बसायची त्याला ती बसली. अण्णा भाऊ साठे आणि त्यांच्या सहकाऱ्यांच्या तमाशांनाही सरकारी बंदीची झळ बसलीच होती. उपहासाला उपहासाने उत्तर देण्याची ताकद ज्या राजकारणात उरत नाही ते पोलीस ठाण्याची पायरी चढते. याउलट पुढाऱ्याच्या वाढदिवशी त्याच्या स्तुतीची गाणी ठेक्यावर बसवून देणारे रॅपरही आता पुष्कळ झाले आहेत. ही भाटगिरी पहिल्या संकटापेक्षा अधिक घातक आहे. गुन्हा नोंदविल्याने कलावंत मोठा होतो. बिदागीने तो मुका होतो.

तिसरा धोका पोटाचा आणि हक्काचा. पठ्ठे बापूरावांसारखा लावणीसम्राट १९४५ मध्ये विपन्नावस्थेत गेला. तमाशाचे गीतकार ठरावीक रकमेला गीत देऊन मोकळे होत; गीत गाजले तरी त्याचे पुढचे उत्पन्न त्यांच्या दारी येत नसे. त्यांच्या हाती राहिली ती फक्त छाप. २०१२ च्या कायदादुरुस्तीने गीतकार व संगीतकार यांना मानधनाचा असा हक्क दिला, की जो त्यांनी लिहून दिला तरी कंपनीला पुरता हिरावून घेता येत नाही. गावातील तरुण कलावंताला मात्र हा कायदा ठाऊक नसतो. मोबाइलवरचे गीत लक्षावधी लोकांनी ऐकले म्हणून तो हुरळतो आणि कोणी पुढे केलेल्या इंग्रजी करारावर न वाचता सही करतो. फडमालकाची जागा कंपनीने घेतली, एवढाच मग बदल झालेला असतो.

घरची साद

यावर करता येण्याजोगे काही अगदीच अवघड नाही. शिरूर आणि दौंड येथील महाविद्यालयांनी आपल्या स्नेहसंमेलनांत एक संध्याकाळ भेदिक शाहिरी आणि रॅप यांच्या सवाल-जवाबासाठी राखून ठेवावी. एका बाजूला डफ-तुणतुणे आणि दुसऱ्या बाजूला ध्वनिवर्धकावरचा ठेका, विषय तालुक्याचा. ऊसदर, रोजगार, पाणी, बिबट्या, व्यसन. न्याय करायला गावकरी बसवावेत. तेथे उसन्या इंग्रजी ऐटीला टाळी मिळणार नाही आणि वर्षानुवर्षे घासलेल्या जुन्या चालीलाही मिळणार नाही. दोघांनाही ताजे राहावे लागेल.

त्याहून निकडीचे काम जुन्या बाडांचे आहे. १८९१ मध्ये ॲकवर्थ आणि शाळिग्राम यांनी पोवाडे गोळा करून छापले नसते, तर कितीतरी रचना गायकांबरोबरच मातीआड गेल्या असत्या. मिलमन पॅरी मुद्रणयंत्र घेऊन बोस्निया-माँटेनिग्रोच्या डोंगरांत हिंडला नसता, तर अवदो मेजेदोविचची गाथाही तशीच विरून गेली असती. आज ध्वनिमुद्रणाचे यंत्र प्रत्येक तरुणाच्या खिशात आहे. कवठे येमाईच्या, चौफुल्याच्या आणि भोवतालच्या गावांतील हयात कलावंतांच्या तोंडून वग, बतावण्या आणि सवाल-जवाब मुद्रित करून ठेवणे, एवढे काम ही रॅप ऐकणारी मुलेच एका उन्हाळ्याच्या सुटीत करू शकतील. मुंबई विद्यापीठाच्या लोककला अकादमीसारख्या संस्थांनी त्यांना पद्धत शिकवावी, पंचायत समितीने प्रवासखर्च द्यावा. त्या मुलांना त्यात जुनी गाणी तर मिळतीलच. त्याशिवाय यमक कसे वळवावे, विराम कोठे घ्यावा, समोरचा समाज हसता हसता गप्प कसा करावा, या गोष्टीही मिळतील. त्या कोणत्याही परदेशी गुरूकडे नाहीत.

परंतु संस्थांनी काय करावे याहून गीतकार तरुणाने काय करावे, हे अधिक महत्त्वाचे. एदो माय्काच्या पहिल्या गीतसंचाने घालून दिलेल्या कसोट्या साध्या आहेत. भाषा आपल्या घरची असावी. शेतात, कारखान्यात, स्थानकावर आपला माणूस जसा बोलतो तशी ती असावी. मग ती मराठी असो, दखनी असो की दोन्हींची सरमिसळ. चाबूक आधी स्वतःच्या घरावर पडावा. आणि डोळ्यांत पाणी असतानाही ओठांवरचे हसू जाऊ नये. या कसोट्यांना उतरणारा गीतसंच घोडनदीच्या किंवा दौंडच्या एखाद्या खोलीतून निघाला, तर तो पुण्या-मुंबईतच काय, पण भाषा न कळणाऱ्या मुलखातही ऐकला जाईल. कारण जगाला नक्कल ओळखता येते तसेच अस्सलही ओळखता येते.

वडीलधाऱ्यांनीही थोडे करावे. घरातील मुलाने कानाचे यंत्र काढून ‘हे ऐका’ म्हटले, तर एकदा ऐकावे. त्यात भाषेचा बाजार असेल तर स्पष्ट सांगावे. त्यात एखादी ओळ खरी असेल तर तीही सांगावी. ढोलकीच्या थापेवर ज्यांनी रात्री जागविल्या त्यांचे कान ठेक्याच्या बाबतीत तज्ज्ञाचेच आहेत. बोस्नियाच्या मुलाने आपल्या पहिल्या गीतसंचाला ‘आईचे ऐक’ असे नाव दिले. शिरूर-दौंडच्या मुलाने आपल्या मायबोलीचे ऐकावे आणि तिनेही त्याचे ऐकून घ्यावे, एवढा समझोता घराघरांत झाला तरी पुष्कळ होईल.